न जमणारा बाप

मोशी, १० नोव्हेंबर २०२४

स्वरूपा,

तुझा फोन लागत नाही, आणि तो का लागत नाही हे मला माहीत आहे. म्हणून कागद घेतला. तळेगावला तुझ्या माहेरी, साहेबरावमामांच्या पत्त्यावर टाकतोय. मामा पत्र फाडणार नाहीत, तेवढा माझा भरवसा आहे. तू गुजरातच्या प्लँटमधून कायमची परत आलीस आणि तळेगावलाच लागलीस, हे आमच्या लाइनवरच्या एकाकडून कळलं. त्याची बायको तुझ्याच क्वालिटी डिपार्टमेंटला आहे. मोनीला अजून सांगितलं नाही. सांगितलं की ती रोज दारात जाऊन बसेल.

मोनी बरी आहे. पहिलीत गेली. पुढचे दोन दात पडलेत, त्यामुळे 'स' म्हणताना शिट्टी वाजते. भेंडी खाते, पण कुरकुरीत केली तरच. माझी फर्स्ट शिफ्ट असली की सकाळी तिचं सगळं आवरून तिला घरमालकीण गोजाबाईंकडं सोडतो, त्या शाळेच्या रिक्षात बसवतात. सेकंड असली की उलटं. गोजाबाई मूळ मोशीच्याच. पहिल्यांदा मला मोनीची वेणी घालताना बघून म्हणाल्या होत्या, "बाप्या माणूस पोरीची येणीफणी करतोय, असलं म्या कुटं बघितलं न्हाई." आता त्याच आपल्या नातीला माझ्याकडं पाठवतात. चार पेडांची वेणी घालता येते मला. तुला खरं वाटणार नाही.

लिहायचं कारण वेगळं आहे. आमच्या कंपनीतला सनी तुला आठवत असेल, आपल्या घरी गणपतीला आला होता. तो सुट्टीच्या दिवशी मोबाइलवर कॉमेडी व्हिडिओ करतो. आता त्याला जरा मोठा, तासाभराचा सिनेमा करायचा होता. फॅमिली कॉमेडी. बायको गावाला जाते आणि बापाला पोरगी सांभाळावी लागते, अशी गोष्ट. म्हणाला, "गणराजभाऊ, तुमच्याशिवाय कोण करणार? तुमच्या तर घरचंच आहे." दिवाळीच्या सुट्टीत आपल्याच घरात शूटिंग केलं. मोनी माझी मुलगी झाली आणि मी तिचा बाप.

पहिल्या दिवशी सनी म्हणाला, रोज करता तसं करा, मी नुसतं शूट करतो. मी मोनीची वेणी घातली, डबा भरला, गणवेशाला इस्त्री केली. त्यानं मोबाइल खाली ठेवला. म्हणाला, "राव, तुम्हाला तर सगळं येतंय. यात हसायचं कुठं?"

मग त्यानं मला चुकायला शिकवलं. दूध उतू घालवायचं आणि मोबाइलवर बोलत राहायचं. फ्रॉकवर इस्त्री तशीच विसरायची. वेणी घालताना तिचे केस खुर्चीच्या पाठीला बांधून टाकायचे. डब्यात कच्चा बटाटा द्यायचा. रविवारी तिला दप्तर देऊन शाळेच्या बंद गेटपाशी उभं करायचं. मोनी इतकी हसत होती की तिचं तोंड दुखायला लागलं. तिला एक वाक्य दिलं होतं, कमरेवर हात ठेवून म्हणायचं: "माझ्या बाबांना काहीच येत नाही." एका दमात पाठ केलं तिनं. सनी म्हणतो, पोरगी आर्टिस्ट आहे.

सिनेमाचं नाव 'फर्स्ट शिफ्टचा बाप'. सगळ्यांना दिसेल असा मोबाइलवर टाकणार आहेत. आला की बघ. मोनी किती उंच झालीय ते दिसेल तुला.

गणराज


मोशी, ४ डिसेंबर २०२४

स्वरूपा,

पत्र मिळालं असेल असं धरून चालतो.

सिनेमा आला. सनीनं आधी आपल्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये पडदा लावून दाखवला. संध्याकाळी सगळे खाली सतरंज्या टाकून बसले होते. आपल्या मजल्यावरची मोनिका म्हणून एक कॉलेजची मुलगी आहे, मोनी तिच्या मांडीवर. दोघींचं नाव एकच, म्हणून सोसायटीत आपलीला मोनी आणि तिला मोठी मोनिका म्हणतात. मी मागं गाड्यांपाशी उभा राहिलो. स्वतःला पडद्यावर बघणं अवघड असतं. पण लोक हसत होते. इस्त्रीचा सीन आला तेव्हा गोजाबाईंनी पदर तोंडाला लावला. मी मोनीला हत्यारांच्या पिशवीत घालून कंपनीत नेतो आणि साहेबासमोर पिशवी शिंकते, तिथं तर पोरं लोळली.

मोनीचं वाक्य आलं की सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. ती उठून उभी राहिली आणि पुन्हा एकदा म्हणून दाखवलं. परत टाळ्या. त्या दिवसापासून कुणी घरी आलं की ती ते म्हणते. भाजीवाल्यालाही म्हणून दाखवलं. लोक हसले की तिचा चेहरा कसा होतो, तो तू बघायला हवा होतास.

शेवटी दारात आई येते. असे सिनेमे तसेच संपतात म्हणे. आई येते, घराची अवस्था बघून कपाळाला हात लावते, मग हसते, आणि बाप कान धरतो. आईचं काम सनीच्या बहिणीनं केलंय. तो सीन झाल्यावर मोनीनं मला विचारलं, "आपली पण अशीच येणार का?" मी म्हणालो, विचारून बघतो.

म्हणून विचारतोय. तू गेलीस यावर मी तुला काही बोलणार नाही. एखाद्या रविवारी ये, जेवून जा. मासे आणतो.

कंपनीच्या बसमध्ये पोरं मला 'काहीच येत नाही' म्हणून हाक मारतात. मी ओ देतो. चाकणच्या चौकात एकानं गाडी थांबवून सेल्फी काढला. अनोळखी बायका बघतात आणि हसतात. वाईट वाटत नाही. खरं सांगू का, मी सिनेमा केला तो तू बघशील म्हणून. मला वाटलं, तू हसशील. तू हसलीस की पुढं बोलता येतं, हे मला आधीपासून माहीत आहे.

गणराज


मोशी, १२ जानेवारी २०२५

स्वरूपा,

तू सिनेमा बघितलास हे कोर्टाच्या नोटिशीवरून कळलं.

पोस्टमन आला तेव्हा मी मोनीला पाढे म्हणायला लावले होते. सहीच्या वेळी मला वाटलं तुझंच पत्र आहे. मोनीला म्हणालो सुद्धा, आईचं पत्र आलं. मग उघडून वाचलं आणि तिला म्हणालो, कंपनीचं आहे.

तुझ्या वकिलांनी लिहिलंय की बापाला मूल सांभाळायची कसलीही समज नाही, त्याची शिफ्ट फिरती आहे, आणि पैशासाठी आणि प्रसिद्धीसाठी त्यानं मुलीला कॅमेऱ्यासमोर उभं केलं. सोबत सिनेमातले फोटो जोडलेत. खुर्चीला केस बांधलेला फोटो. बंद गेटपाशी एकटी उभी असलेला फोटो. नुसता फोटो बघितला की हसू येत नाही, हे मला तेव्हा कळलं. गेटपाशी तिच्यासमोर आम्ही सहाजण उभे होतो. मोठी मोनिका हातात बिस्किटाचा पुडा घेऊन उभी होती. ते फोटोत कुठं दिसणार.

माझ्यासाठी मिनल मॅडम म्हणून वकील आहेत, मोफत मदत केंद्रातून मिळाल्या. त्या म्हणाल्या, सिनेमा म्हणजे पुरावा नव्हे, घाबरू नका. गोजाबाईंचं, शाळेच्या बाईंचं लिहून घेतलंय. शाळेच्या बाई म्हणाल्या, वर्गात सगळ्यात नेटकी वेणी हिचीच असते.

मॅडमनी मला विचारलं, यातलं काही खरं घडलंय का? मी म्हणालो, एक. गोजाबाई मयतीला गेल्या होत्या आणि माझी शिफ्ट बदलून मिळाली नाही, तेव्हा मी मोनीला कंपनीत नेलं होतं. पिशवीत घालून नव्हे. गेटवर सिक्युरिटीचे चिमाजी आहेत, त्यांच्या केबिनमध्ये ती सुट्टी होईपर्यंत चित्रं काढत बसली. तेच सनीला सांगितलं होतं, त्यानं त्याची पिशवी केली. मॅडम म्हणाल्या, हे कोर्टात विचारलं तर काय सांगाल? मी म्हणालो, घडलंय ते घडलंय म्हणेन.

स्वरूपा, तू मागितलं असतंस तर मी तिला तुझ्याकडं आणून सोडलं असतं. शनिवार-रविवार तुझ्याकडं, बाकी इथं, शाळा बदलायला नको. तू ये म्हणून मी लिहिलं होतं. तू नोटीस पाठवलीस.

हे रागानं लिहिलेलं नाही. परत वाचलं तेव्हा रागाचं वाटलं. पण खोडत नाही.

गणराज


मोशी, २ मार्च २०२५

स्वरूपा,

कोर्टाच्या व्हरांड्यात आपण जे बोललो ते माझ्या डोक्यातून जात नाही. कामावर प्रेस मशीनपाशी उभा असलो तरी तेच चालू असतं. म्हणून लिहून काढतो. काही चुकत असेल तर तूच सांग.

मी म्हणालो, "तो सिनेमा आहे गं. मी मुद्दाम चुकलो त्यात. तसं करायला सांगितलं होतं."

तू म्हणालीस, "मुद्दाम कशाला? मी तुमच्यासोबत पाच वर्षं काढली. मोनी तापानं फणफणली होती तेव्हा तुम्ही औषधाचा चमचा कुठं असतो म्हणून मला ऑफिसात फोन केला होता. मला तो सिनेमा वाटलाच नाही. मला आपलंच घर वाटलं."

मी म्हणालो, "तेव्हा येत नव्हतं. आता येतं."

"मी कुठं बघितलंय?"

"तू होतीस कुठं बघायला?"

मामा मध्ये पडले. म्हणाले, इथं नको. पण तू थांबली नाहीस. तू हळू आवाजात म्हणालीस, "मला तिकडं बढती मिळत होती, तेव्हा तुम्हीच म्हणालात, जायचं तर पोरगी इथं ठेवून जा. तुम्हाला वाटलं मी जाणार नाही. मी ठेवून गेले. तिकडच्या खोलीत तिचा फ्रॉक उशाखाली घेऊन झोपायचे. आता तिला न्यायला आलेय. यात माझं काय चुकलं?"

मी मोनीच्या पाण्याची बाटली भरायला नळाकडं गेलो.

त्यानंतर मोनीला न्यायाधीश मॅडमनी आत बोलावलं. तू एका बाकावर, मी दुसऱ्या. आपण दोघंही त्या दाराकडं बघत होतो. ती बाहेर आली तेव्हा खूश दिसत होती. तुझ्या लक्षात आलं का माहीत नाही. तू तिला जवळ घेतलंस, ती लाजली, मग तुझ्या बांगड्यांशी खेळली. मला ते बघून बरंही वाटलं. हे खोटं वाटेल तुला, पण वाटलं.

आत काय झालं ते तुला तुझ्या वकिलांकडून कळलं असेल. मला मोनीनं सांगितलं, बसमध्ये, नाशिक फाट्याच्या आसपास. खिडकीशी बसली होती. म्हणाली, "बाबा, त्या मॅडमना आपला सिनेमा माहीत होता."

मी विचारलं, "काय म्हणाल्या?"

"म्हणाल्या, बाबा तुझं कसं कसं करतात ते सांग. मग मी सगळं सांगितलं. खुर्चीचं, इस्त्रीचं, पिशवीचं. कच्चा बटाटा पण."

"सिनेमातलं आहे असं सांगितलंस ना?"

"त्यांना माहीतच होतं ना." मग ती पुढं सांगायला लागली. "मग मी उभं राहून ते म्हणून दाखवलं. कमरेवर हात ठेवून. माझ्या बाबांना काहीच येत नाही." ती माझ्याकडं वळली. "पण मॅडम हसल्याच नाहीत बाबा. माझं काही चुकलं का?"

बसमध्ये गर्दी होती. मी तिच्या टोपीची नाडी नीट केली. म्हणालो, "नाही चुकलं. छान म्हटलंस."

"मग त्या का नाही हसल्या?"

"कोर्टात हसत नाहीत."

तिला ते पटलं. मोशी येईपर्यंत ती माझ्या दंडाला टेकून झोपली.

गणराज


मोशी, २७ एप्रिल २०२५

स्वरूपा,

हे शेवटचं पत्र. यापुढं जे काय असेल ते महिन्यातल्या दोन शनिवारी, भेटीच्या वेळेत तोंडी बोलू.

निकालाबद्दल माझी तक्रार नाही. न्यायाधीश मॅडमनी सिनेमाला महत्त्व दिलं नाही, असं मिनल मॅडमनी वाचून दाखवलं. त्यांनी लिहिलंय की आईची रोज दिवसाचीच जनरल शिफ्ट आहे, घरी आजी-आजोबा आहेत, आणि मुलीनं स्वतः, कुणी न शिकवता, मोकळेपणानं सांगितलेली हकीकत दुर्लक्ष करण्यासारखी नाही. कुणी न शिकवता. ते वाक्य मी दोनदा वाचायला लावलं.

मिनल मॅडम अपील करायचं म्हणत होत्या. म्हणाल्या, अजून सगळं हातातून गेलेलं नाही, मुलीशी पुन्हा बोला म्हणून अर्ज करू. या वेळी तिला आधी नीट समजावून सांगा, की बाळा तू जे बोललीस ते सिनेमातलं होतं, ते तिथं बोलायला नको होतं, आता खरं काय ते सांग. सनी पण आला होता. दारातच उभा राहिला, आत येईना. म्हणाला, "भाऊ, मी साक्ष देतो. मीच सगळं करायला लावलं म्हणून सांगतो." त्याला आत घेऊन चहा दिला. त्याचा तरी काय दोष.

मी दोन दिवस विचार केला. मोनीला समोर बसवून सांगायचं म्हणजे काय, तेही मनात म्हणून बघितलं. कसंही सांगितलं तरी शेवटी तिला तेच कळतं, की तिच्या बोलण्यामुळं तिला बाबाकडून नेलं. आज तिला ते नीट कळणार नाही. दहा वर्षांची झाली की कळेल. मग ते तिच्याबरोबर आयुष्यभर राहील. मी मिनल मॅडमना नको म्हणून सांगितलं. त्या चिडल्या. म्हणाल्या, तुम्ही जिंकण्यासारखी केस सोडताय. मी म्हणालो, हो.

परीक्षा संपल्यावर तिला तुझ्याकडं आणून सोडलं त्या दिवसाबद्दल एक सांगायचं राहिलं. मामांनी चहाला आत बोलावलं, सासूबाईंनी मोनीसाठी शिरा केला होता, आणि मोनी माझ्याकडं न बघता थेट आत गेली. दप्तरसुद्धा माझ्याच हातात राहिलं. तू मला विचारलंस, हिला काय झालं? मी म्हणालो, गाडीवर दमली असेल.

दमली नव्हती. चाकण सोडल्यावर रस्त्यात एका रसवंतीपाशी मी गाडी थांबवली होती. तिथं ती म्हणाली, "मला त्या मॅडमनी आईकडं पाठवलं का? मी काही बोलले म्हणून?" कुठून तिच्या डोक्यात आलं कोण जाणे. मुलं ऐकत असतात, आपल्याला वाटतं खेळतायत. तिच्या हातातला उसाचा रस तसाच होता.

मी म्हणालो, "नाही गं. मीच आईला सांगितलं, हिला घेऊन जा म्हणून."

"का?"

"मला जमत नाही म्हणून. शिफ्ट, स्वयंपाक, तुझी शाळा. दमलो मी."

तिनं रसाचा ग्लास टेबलावर ठेवला, म्हणाली, मला नको, आणि जाऊन गाडीपाशी उभी राहिली. तळेगावपर्यंत मला धरून बसली नाही. सीटच्या मागची दांडी धरून बसली.

तर माझं एवढंच मागणं आहे. शनिवारच्या भेटीला ती यायला नको म्हणाली, तर तिला ओढून आणू नकोस. मी मामांच्या हॉलमध्ये बसेन आणि वेळ झाली की जाईन. ती म्हणेल, बाबाला मी नको होते. तू मला ओळखतेस म्हणून तुला वाटेल, हे काही खरं नाही, आणि तू तिची समजूत काढायला जाशील. काढू नकोस. मामांनाही सांगून ठेव. आपल्यात जे काय झालं ते झालं, पण एवढ्या एका गोष्टीत तू माझ्या बाजूनं राहा.

ती माझ्यावर चिडली आहे तोवर ठीक आहे. राग गेला की ती विचार करायला लागेल.

गणराज